पन्नास लाखांचं गृहकर्ज शेवटी कितीला पडतं? कागदावर मांडून पाहायची रीत

घर बघायला गेलेला माणूस बँकेत एकच प्रश्न विचारतो: "हप्ता किती बसतो?" समोरचा कॅल्क्युलेटर दाबून आकडा सांगतो, माणूस मनातल्या मनात पगारातून तो वजा करतो, आणि जमतंय असं वाटलं की विषय संपतो. गोची इथेच होते. हप्ता हवा तेवढा लहान करून मिळतो, फक्त मुदत ताणायची. कर्ज महाग पडणार की स्वस्त, हे हप्त्यावरून कळत नाही.

खालचं सगळं गणित एकाच उदाहरणावर केलंय: पुण्यात बांधकाम चालू असलेला, करारनाम्यात ६५ लाख किंमत असलेला फ्लॅट आणि त्यावर ५० लाखांचं कर्ज, ८.५ टक्के बदलत्या दराने, २० वर्षांसाठी. तुमचे आकडे वेगळे असतील, पण क्रम हाच ठेवा. तो उलटला की चुका होतात.

## आधी हे जवळ घ्या

बिल्डरची कॉस्ट शीट (घराच्या सगळ्या खर्चाची यादी), बँकेचं सँक्शन लेटर (कर्जमंजुरीचं पत्र), की फॅक्ट स्टेटमेंट (कर्जाच्या मुख्य अटींचा गोषवारा) आणि परतफेडीचा महिनावार तक्ता. यातलं की फॅक्ट स्टेटमेंट बहुतेक जण न वाचताच फाईलला लावतात. रिझर्व्ह बँकेने १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या किरकोळ कर्जांना ते सक्तीचं केलंय. त्यात एपीआर, म्हणजे व्याजाबरोबर बँक वसूल करत असलेले इतर आकार धरून येणारा वार्षिक दर, छापलेला असतो. दोन बँकांची तुलना जाहिरातीतल्या दरावर करू नका, एपीआरवर करा.

मोबाईलच्या कॅल्क्युलेटरवर हे नीट होत नाही. एक्सेल किंवा गुगल शीट उघडा. त्यात पीएमटी (PMT) नावाचं फंक्शन आहे. त्याला महिन्याचा दर (वार्षिक दर भागिले १२), एकूण महिने आणि मुद्दल एवढंच द्यायचं.

तपासा: ८.५ टक्के, २४० महिने, १ लाख मुद्दल घातल्यावर उत्तर (उणे चिन्ह सोडून) ८६८ रुपयांच्या आसपास आलं पाहिजे. भलतंच काही आलं तर दराला १२ ने भागायचं राहिलंय.

## टप्पा १: कर्जाच्या आधीचा खड्डा मोजा

३० लाखांपर्यंतच्या कर्जाला बँक घराच्या किमतीच्या ९० टक्क्यांपर्यंत, ३० ते ७५ लाखांच्या कर्जाला ८० टक्क्यांपर्यंत आणि त्यावर ७५ टक्क्यांपर्यंत कर्ज देऊ शकते. या 'किमतीत' मुद्रांक शुल्क आणि नोंदणी सहसा धरत नाहीत. म्हणजे तो खर्च पूर्ण आपल्या खिशातून.

आपल्या फ्लॅटचा हिशेब असा:

- स्वतःचा हिस्सा: १५,००,०००
- मुद्रांक शुल्क, पुणे शहरात मेट्रो अधिभारासह ७ टक्के: ४,५५,०००
- नोंदणी शुल्क, कमाल मर्यादा: ३०,०००
- जीएसटी, बांधकाम चालू असल्याने ५ टक्के: ३,२५,०००

बेरीज २३ लाख १० हजार. लोक १५ लाख जमवून निघतात आणि करारनाम्याच्या आठवड्यात उरलेल्या आठ लाखांसाठी पर्सनल लोन काढतात. ते कर्ज गृहकर्जापेक्षा महाग असतं आणि दोन्ही हप्ते एकदम सुरू होतात.

घर फक्त स्त्रीच्या नावावर असेल तर मुद्रांक शुल्कात १ टक्का सूट आहे, इथे ६५ हजार वाचतात. नवरा-बायको दोघांच्या नावावर घेतलं तर ही सूट नाही. भोगवटा प्रमाणपत्र मिळालेलं तयार घर घेतलं तर जीएसटी लागत नाही. किंमत ५० लाख किंवा त्याहून जास्त असेल तर बिल्डरला देताना १ टक्का टीडीएस कापून सरकारकडे भरायचा. तो जादा खर्च नाही, पण भरायचा राहिला तर व्याज आणि विलंब शुल्क तुमच्याच माथी येतं.

सावधान: सोसायटीचं आगाऊ मेंटेनन्स, पार्किंग, वीजमीटर अशा ओळी कॉस्ट शीटच्या तळाशी बारीक अक्षरात असतात. करारनामा करण्याआधी "यापुढे एकही रुपया मागणार नाही, अशी शेवटची बेरीज लिहून द्या" असं बिल्डरच्या माणसाला स्पष्ट सांगा.

## टप्पा २: चार मुदती शेजारी मांडा

५० लाख, ८.५ टक्के, दर स्थिर राहिला असं धरून:

| मुदत | हप्ता | एकूण व्याज |
|---|---|---|
| १५ वर्षं | ४९,२३७ | ३८.६ लाख |
| २० वर्षं | ४३,३९१ | ५४.१ लाख |
| २५ वर्षं | ४०,२६१ | ७०.८ लाख |
| ३० वर्षं | ३८,४४६ | ८८.४ लाख |

वीसवरून तीस वर्षांवर गेलात तर हप्ता पाच हजारांनीही कमी होत नाही, व्याज मात्र ३४ लाखांनी वाढतं. उलट वीसवरून पंधरावर आलात तर महिन्याला ५,८४६ जास्त जातात आणि साडेपंधरा लाख वाचतात. मुदत जितकी लांब, तितका हप्ता कमी होण्याचा फायदा आटत जातो.

"वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा कुठे राहणार?" असं कुणीतरी म्हणेलच. खरं आहे, ५४ लाख व्याज म्हणजे आजचे ५४ लाख नव्हेत. पण हे पटायला पगार दरवर्षी वाढत जाईल हे गृहीत धरावं लागतं. आणि ज्याला पगारवाढीची एवढी खात्री आहे, त्याला तीस वर्षांची मुदत घ्यायची गरज सहसा नसते.

## टप्पा ३: पहिल्या वर्षाचा तक्ता पेन घेऊन वाचा

पहिल्या महिन्याचा हप्ता ४३,३९१. त्यातलं व्याज ३५,४१७ आणि मुद्दल ७,९७४. पूर्ण वर्षात तुम्ही ५ लाख २० हजार भरता आणि कर्ज एक लाखानेही उतरत नाही, ९९ हजार ५०० च्या आसपास उतरतं.

आता तक्त्यात दहाव्या वर्षाअखेरची ओळ शोधा. निम्मी मुदत संपलेली असते, ५२ लाख भरून झालेले असतात आणि तरी ३५ लाख बाकी असतात. चार-पाच वर्षांत घर विकायचा विचार असेल तर त्या वर्षाची ओळही अशीच शोधा. विक्रीतून मिळालेल्या पैशातलं किती बँकेकडे जाणार, हे तिच्यावरून कळतं.

## टप्पा ४: दर वाढवून पाहा

सगळ्यात जास्त फसगत इथे होते, म्हणून जरा थांबून वाचा.

ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची बदलत्या दराची नवी गृहकर्जं बाहेरच्या एखाद्या मानक दराला जोडलेली आहेत, बहुतेक ठिकाणी रेपो दराला, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते त्याला. तुमचा दर म्हणजे रेपो अधिक बँकेचा स्प्रेड, म्हणजे बँक त्यावर चढवते ते टक्के. रेपो तुमच्या हातात नाही, पण स्प्रेडवर सही करण्याआधी घासाघीस करता येते. गृहवित्त कंपन्यांना मात्र ही जोडणी सक्तीची नाही. त्यांचा दर त्यांच्या स्वतःच्या मूळ दरावर चालतो, म्हणून रेपो उतरला की त्यांचा दर तेवढाच आणि लगेच उतरेल असं धरू नका.

मे २०२२ च्या सुरुवातीला रेपो ४ टक्के होता, फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहा झाला. नऊ-दहा महिन्यांत अडीच टक्के. डिसेंबर २०२५ मध्ये तो ५.२५ वर आला. कर्ज वीस वर्षांचं आहे, म्हणजे असे चढ-उतार एकदा नाही, अनेकदा येणार.

दर चढला की बँक बहुधा हप्त्याला हात लावत नाही, मुदत वाढवते. ग्राहकाला काही जाणवत नाही आणि तोही गप्प बसतो. माझंही तेच झालं. "आपल्या कर्जाची मुदत सुधारित करण्यात आली आहे" असा मेसेज आला होता आणि मी तो लाईटबिलाच्या मेसेजसारखा पुसून टाकला. पुढे एका कामासाठी स्टेटमेंट काढलं तेव्हा उरलेले हप्ते कर्ज घेतलं तेव्हापेक्षा जास्त दिसले. मधली काही वर्षं भरत होतो ती जणू हिशेबातच नव्हती.

हे कसं होतं ते आकड्यांत पाहा. समजा ५० लाख ६.७५ टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतले, हप्ता ३८,०१८. एका वर्षाने बाकी राहिली ४८ लाख ७७ हजार आणि दर झाला ९.२५. आता महिन्याचं नुसतं व्याजच ३७,५९८. तोच हप्ता चालू ठेवला तर त्यातून मुद्दलात जातात ४२० रुपये. या गतीने कर्ज फिटायला आणखी जवळपास ४९ वर्षं लागतील. प्रत्यक्षात वयाची आणि मुदतीची मर्यादा आड येते आणि बँक हप्ता वाढवायला लावते, पण तोवर गेलेले महिने गेलेलेच.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने याबाबत सूचना काढल्या. दर बदलल्यावर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं करायचं, हा पर्याय ग्राहकाला द्यायला हवा. मुदतीत कधीही काही भाग किंवा सगळं कर्ज आधी फेडता यायला हवं. दर तिमाहीला भरलेलं मुद्दल, व्याज आणि उरलेले हप्ते दाखवणारं विवरण मिळायला हवं. हक्क आहे, पण मागितल्याशिवाय तो बहुधा चालून येत नाही.

करायचं असं: शीटमध्ये दर ८.५ ऐवजी ११ घाला आणि मुदत तीच ठेवून हप्ता काढा. आपल्या उदाहरणात तो ५१,६०० च्या पुढे जातो. हा हप्ता घरखर्च भागवून तुम्हाला झेपत असेल तरच कर्जाची रक्कम बरोबर आहे.

तपासा: दर तीन महिन्यांनी उरलेले हप्ते मोजा. मागच्या वेळेपेक्षा तीनने कमी झाले नसतील तर त्याच आठवड्यात शाखेत लेखी अर्ज द्या: हप्ता वाढवा, मुदत मूळचीच ठेवा.

## टप्पा ५: कर्जाच्या पोटात घातलेले खर्च शोधा

प्रोसेसिंग फी अर्धा टक्का असेल तर २५ हजार आणि त्यावर १८ टक्के जीएसटी, म्हणजे साडेएकोणतीस हजार. वकील, मूल्यांकन, कागदपत्रं गहाण ठेवण्यावरचं मुद्रांक शुल्क, सेरसाईची (गहाण मालमत्तांच्या केंद्रीय नोंदवहीतली) नोंद हे वेगळं. हे खर्च एकदाच येतात आणि डोळ्यांना दिसतात.

न दिसणारा खर्च विम्याचा. माझा पुतण्या सँक्शन लेटर घेऊन घरी आला आणि म्हणाला, "काका, त्रेचाळीस हजार सांगितले होते, यावर चव्वेचाळीस हजार सातशे का आलंय?" आम्ही पानं उलटत गेलो. आतल्या एका तक्त्यात कर्जाची रक्कम ५० ऐवजी साडेएक्कावन्न लाख निघाली. वरचे दीड लाख म्हणजे कर्जसुरक्षा विम्याचा एकरकमी हप्ता. तोही कर्जातच मिळवलेला, त्यावरही वीस वर्षं साडेआठ टक्के. महिन्याला १,३०२, एकूण ३ लाख १२ हजार. सही करताना त्याला "हा फॉर्म कंपल्सरी आहे" असं सांगितलेलं.

विमा असायलाच हवा, त्याबद्दल दुमत नाही. पण तो याच बँकेकडून, कर्जात घालूनच घेतला पाहिजे असं बंधन नाही. तेवढ्या रकमेचा साधा टर्म प्लॅन बाहेर घ्या आणि भाव ताडून पाहा. अशा कर्जविम्यात कव्हर बहुधा कर्जाबरोबर घटत जातं. शिवाय कर्ज दुसऱ्या बँकेत नेलं तर त्या पॉलिसीचं काय होणार, हेही आधी विचारून ठेवा.

सावधान: "फॉर्मॅलिटी आहे, इथे इथे सह्या करा" असं म्हणत पेन पुढे केलं जाईल. सँक्शन लेटर घरी आणा, एक रात्र ठेवा, मंजूर रक्कम आणि मागितलेली रक्कम जुळते का पाहा.

## टप्पा ६: बांधकाम चालू असेल तर

बँक बिल्डरला टप्प्याटप्प्याने पैसे सोडते आणि तोवर तुम्ही बँकेने सोडलेल्या रकमेवर फक्त व्याज भरता. याला प्री-ईएमआय म्हणतात. तीन वर्षं सरासरी २५ लाख वाटप झालेलं धरलं तर महिन्याला १७,७०८ प्रमाणे ६ लाख ३७ हजार जातात आणि मुद्दल एक रुपयानेही कमी होत नाही. त्यात राहत्या घराचं भाडं चालूच. वर काढलेल्या २० वर्षांच्या हिशेबात हे कुठेच नव्हतं, म्हणून ते वेगळं मिळवा. ताबा लांबला तर लांबलेला प्रत्येक महिनाही. झेपत असेल तर पहिल्या वाटपापासून पूर्ण हप्ता सुरू करायला सांगा. बऱ्याच बँका तशी सोय देतात.

## टप्पा ७: करसवलत, पण तेवढीच

नव्या करप्रणालीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वजावट नाही. जुन्या प्रणालीत ती वर्षाला २ लाखांपर्यंत आहे. ३० टक्क्यांच्या गटात असाल तर जास्तीत जास्त ६२,४०० रुपये कर वाचतो. पहिल्या वर्षाचं व्याज ४ लाख २१ हजार होतं हे लक्षात ठेवा. मुद्दलाची वजावट दीड लाखाच्या त्याच डब्यात बसते, जो नोकरदाराच्या पीएफने आधीच भरत आलेला असतो. "टॅक्स वाचतो म्हणून कर्ज फेडत नाही" म्हणणाऱ्याला हे दोन आकडे शेजारी लिहून दाखवा.

## टप्पा ८: आधी फेडायचं, पण केव्हा आणि कसं

व्यक्तीने व्यवसायाव्यतिरिक्त कारणासाठी घेतलेल्या बदलत्या दराच्या गृहकर्जाला आधी फेडल्याबद्दल दंड लावता येत नाही. मग उरतो प्रश्न वेळेचा. आपल्या उदाहरणात ५ लाख पहिल्या वर्षाअखेर भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर सुमारे १६ लाख व्याज वाचतं. तेच ५ लाख दहाव्या वर्षाअखेर भरले तर वाचतात पावणेसहा लाख.

एकरकमी पैसे नसतील तर दरवर्षी बोनसमधून एक जादा हप्ता भरा. वीस वर्षांचं कर्ज पावणेसतरा वर्षांत संपतं आणि दहा लाखांच्या आसपास वाचतात. ओव्हरड्राफ्ट पद्धतीचं गृहकर्ज असेल तर शिल्लक पैसे त्या खात्यात पडू देऊनही व्याज कमी होतं. पण त्याचा दर थोडा जास्त असतो, म्हणून खात्यात पैसे खरंच पडून राहणार असतील तरच.

फेडण्याआधी सहा हप्त्यांएवढी रक्कम बाजूला असू द्या. घरात आजारपण आलं तर बँक भरलेलं मुद्दल परत देत नाही. त्यावरचे पैसे एफडीत असतील तर मात्र हिशेब सोपा आहे: ७ टक्क्यांच्या ठेवीवर ३० टक्के गटात कर जाऊन हातात ४.८ टक्के पडतात आणि कर्जावर ८.५ जातात.

सावधान: पैसे नुसते भरून निघून येऊ नका. काही ठिकाणी हप्ताच कमी केला जातो, मुदत तशीच राहते आणि निम्म्याहून जास्त फायदा तिथेच जातो. अर्जात लिहा: "हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी." आठवड्याने नवा तक्ता काढून शेवटच्या हप्त्याची तारीख बघा.

## टप्पा ९: दुसऱ्या बँकेत न्यायचं असेल तर

आधी आपल्याच बँकेला स्प्रेड कमी करायला सांगा. नव्या ग्राहकाला जो दर देता तो जुन्याला का नाही, असं लेखी विचारा. थोडी फी घेऊन पुष्कळदा होतं.

नाहीच झालं, तर हे गणित करा. दहा वर्षांनंतर ३५ लाख बाकी आहेत, दुसरी बँक ८ टक्के देतेय. मुदत उरलेली दहा वर्षंच ठेवली तर पुढचा एकूण भरणा ५२.०७ लाखांवरून ५०.९६ वर येतो, वाचतात १.११ लाख. त्यातून नवी प्रोसेसिंग फी, वकील, मूल्यांकन आणि पुन्हा गहाणाचं मुद्रांक शुल्क वजा करा.

समोरचा मात्र तुम्हाला वेगळा कागद दाखवतो: "सर, हप्ता ४३ हजारांवरून २९ हजारांवर येतोय!" येणारच, कारण त्याने मुदत परत वीस वर्षं केलेली असते. त्यात एकूण भरणा ७० लाखांच्या वर जातो. दर अर्ध्या टक्क्याने कमी आणि खर्च १८ लाखांनी जास्त. वर टॉप-अपचा, म्हणजे त्याच घरावर आणखी कर्ज घेण्याचा, आग्रह असतोच.

## टप्पा १०: शेवटच्या हप्त्यानंतर

कर्ज फिटलं की बँकेने मूळ कागदपत्रं ३० दिवसांत परत द्यायची आहेत. बँकेच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई मिळते. १ डिसेंबर २०२३ पासून हा नियम आहे. कर्ज घेताना दिलेल्या कागदांची यादी तेव्हाच सही-शिक्क्यासह घेऊन ठेवली असेल तर परत घेताना ओळीने टिक करता येते. नसेल, तर एखादा जुना साखळी करारनामा (आधीच्या मालकाच्या खरेदीचा) राहून जातो आणि घर विकताना त्याची आठवण येते.

ना हरकत दाखला घ्या आणि सेरसाईतली नोंद बंद झाल्याची खात्री करा. सोसायटीच्या दप्तरात बँकेचा बोजा नोंदलेला असेल तर दाखल्याची प्रत देऊन तो काढायला लावा. रो-हाऊस किंवा बंगला असेल तर सातबारा किंवा मिळकत पत्रिकेवरचा बोजाही. पगाराच्या खात्यातून हप्ता आपोआप कापायची सूचना रद्द झाली की नाही हे पुढच्या महिन्याच्या पाच तारखेला पासबुकात बघा, आणि सहीचे कोरे धनादेश दिले असतील तर तेही मोजून परत घ्या.